चकली म्हणजे

डॉक्टरीणबाईंनी दिलेला कागद फ्रिजवर आहे,
आंब्याच्या आकाराच्या लोहचुंबकाखाली.
अठरा महिने: चार ठोकळ्यांचा मनोरा.
अठरा महिने: दहा शब्द.
पुढे रिकामे चौकोन, बरोबरची खूण करायला.

माझी रिफायनरीत रात्रपाळी.
आठला बस मला मांजलपूरच्या नाक्यावर उतरवते,
सव्वाआठला शर्वरी बँकेत जायला किल्ली शोधत असते,
आणि साडेआठपासून घरात आम्ही दोघंच:
जांभया देणारा मी, आणि इरू,
जिची नुकती कुठे सकाळ झालीय.

ठोकळे आणले होते. लाकडी, रंगीत, महागडे.
तिने एक चाटून पाहिला
आणि खोकं डोक्यावर घालून निघून गेली.

मग वाट्या काढल्या. लग्नात आलेल्या, सहा,
प्रत्येकीवर ठिपक्याठिपक्यांनी सुर्वे मंडळींचं नाव.
एकीवर एक, पालथी. दुसरी.
तिसरीला ती श्वास धरते. मीही धरतो,
रात्री दाबाचा काटा लाल रेघेकडे सरकताना धरतो तसा.
चौथी...
खणखणाट थेट तळमजल्यापर्यंत.
आणि टाळ्या आत्ता, पडल्यावर!
उभ्या मनोऱ्याचं तिला काही म्हणजे काही कौतुक नाही.
पाडण्यासाठी कागदावर चौकोन नाही.

गॅलरीत घमेलं, तांब्या, चहाची गाळणी.
ती गाळणीत पाणी ओतते. पाणी निघून जातं.
गाळणी उलटी करून बघते, मग माझ्याकडे,
जणू मीच कुठेतरी दडवलंय.
पुन्हा ओतते.
बावीस वेळा. मी मोजलं.
तेविसाव्या वेळी भिंतीला टेकून डोळा लागला
आणि गार धार माझ्या विजारीवर आली.
तिला हवं ते उत्तर मिळालं असावं,
कारण गाळणी तिथेच टाकून ती चिमटे मोजायला गेली.
मोजायला म्हणजे, खाली टाकायला. दुसऱ्या मजल्यावरून.

ओढण्यांना गाठी मारून बिस्किटांच्या डब्यात कोंबतो,
झाकणाला भोक.
ती खेचते, हिरवी संपते तर पिवळी सुरू,
पिवळीमागून शर्वरीची बांधणी,
बसकण मारते, पुन्हा उठते, पुन्हा खेचते.
शेवटचं टोक सुटलं की एक डोळा भोकाला लावते,
मग हात कोपरापर्यंत आत.
रिकाम्याला काय म्हणायचं तिला ठाऊक नाही.
तिचे शब्द चारच: पाणी, दे, नाय,
आणि बाबा, जो फक्त मी ऐकलाय.

समोरच्या दक्षाबेन दहाला येतात.
परवा कठड्याकडे बोट करून म्हणाल्या, "जो, चकली!"
इरूने आ केला.
आमच्या घरी चकली तळतात.
त्यांच्या घरी चकली उडते.
चकली उडाली, आणि आ तसाच राहिला,
मग त्यातून जो सूर निघाला
त्याला आम्ही दोघांनी दोन भाषांत एकाच वेळी समजावलं.
अर्थात, काही उपयोग झाला नाही.

आज मी डब्यातली एक चकली तिच्या हातात दिली.
ती खाईना.
कठड्यापाशी गेली, तुकडा मोडला, ठेवला,
आणि उकिडवी बसली, गुडघ्यांवर हात, माझ्यासारखी.
इतका वेळ ती कधी गप्प बसली नव्हती.
चिमणी आली. मान वाकडी करून आधी आम्हाला पाहिलं,
मग तुकड्याला.
"चकी," इरू म्हणाली, तुकड्याकडे बोट.
"चकी," इरू म्हणाली, चिमणीकडे बोट.
चकीने चकी उचलली आणि गेली.

मी पेन घेऊन फ्रिजपाशी उभा.
हा एक शब्द धरायचा की दोन?
उभ्या कागदावर पेनही चालेना.
दुपारी शर्वरीचा फोन: "काय काय केलंत?"
"काही नाही. वाट्या पाडल्या."
तेवढ्यात पेन तिच्या हातात गेलं होतं.
फ्रिजच्या दारावर, कागदाच्या बऱ्याच खाली,
तिचा हात पोचतो तिथे,
लांबच लांब निळी रेघ.
ती थेट भिंतीवर गेली.